भिंतीवरचं काम

माझ्या पहिल्या सिनेमात मी नायिकेचा थोरला भाऊ होतो. कचेरीतून रजा काढून मुंबईला गेलो, संवाद म्हटले, बहिणीच्या डोक्यावर हात ठेवून रडलोसुद्धा. सिनेमा नागपुरात लागला तेव्हा आई अख्खी गल्ली घेऊन सीताबर्डीच्या थिएटरात आली. मी तिच्या शेजारी ऐटीत बसलो होतो.

माझं सगळं काम कापलं होतं. उरला होता फक्त भिंतीवरचा फोटो, त्याला चंदनाचा हार, आणि त्यापुढे हात जोडून रडणारी नायिका.

आई नरखेडकडची, संत्र्याच्या बागेत वाढलेली. सिनेमातलं सगळं खोटं असतं हे तिला कळत नव्हतं असं नाही. पण फोटोला घातलेला हार खोटा कसा मानायचा? ती भर अंधारात उभी राहिली आणि ओरडली, "काढा गा तो हार! माहा पोरगा जित्ता हाय! हा काय इथं बसून राहिला!"

थिएटर खो खो हसलं. मला धरणी पोटात घेईल तर बरं असं झालं. तिला खाली बसवायला हात धरला, तर तो थरथरत होता. मग माझा राग कुठल्या कुठे गेला.

घरी आल्याबरोबर तिनं मला पाटावर बसवून मीठ-मोहऱ्यांनी दृष्ट काढली, तोंडात साखर घातली. म्हणाली, "सिनेमा कर, मी नाही म्हनत नाही. पन मराचं काम घेऊ नको." मी हो म्हणून मोकळा झालो.

पण छोट्या नटाच्या वाट्याला दुसरं येतं काय? नायकाला लागणारी गोळी तोच खातो, मध्यंतराआधी मोटारीखालीही तोच जातो. काम आलं की मी आधी विचारायचो, "शेवटपर्यंत जिवंत आहे ना?" एका दिग्दर्शकानं तर माझ्या ज्योतिष्याचा पत्ता मागितला. कामं हातची जात राहिली, म्हणून मी लिहायला लागलो. पुढे हिंदी मालिका लिहिल्या आणि त्यात स्वतःसाठी कंपाउंडर, भाडेकरू, हेडक्लार्क अशी माणसं घातली. त्यांना मारायची कुणाला गरजच पडत नाही. मोठा नट का झाला नाहीस, असं लोक विचारतात. मी नशिबाकडे बोट दाखवतो. खरं सांगायचं तर तो थरथरणारा हात मला पुन्हा धरायचा नव्हता.

आमच्या गल्लीत टीव्ही नुकता आला तेव्हाची गोष्ट. माझ्याच मालिकेच्या एका भागात वारलेल्या आजीचा फोटो हवा होता आणि तो मीच आणावा असं ठरलं होतं. गल्लीत कुणी द्यायला तयार होईना. आई तुरीच्या शेंगा सोलत बसली होती. म्हणाली, "काहून गा, माहा नाही चालत?"

"काहीतरीच बोलू नको," मी खेकसलो.

"तुले हार नको म्हनलं होतं मी. मले नको असं कोन म्हनलं?"

एवढं म्हणून ती उठली आणि ठेवणीतलं लुगडं नेसून माझ्याआधी फोटो स्टुडिओच्या पायरीवर जाऊन उभी राहिली.

तो भाग लागला तेव्हा शेजारच्यांच्या टीव्हीपुढे पुन्हा सगळी गल्ली. भिंतीवर आई आली. ती डोळे बारीक करून पाहत राहिली. मी तिच्याकडेच बघत होतो.

"हार वाकडा हाय," ती म्हणाली. मग माझ्याकडे वळून, "पन तुह्यापक्षा जास्त वेळ दिसली मी."

सगळे हसले. या वेळी मीही हसलो.

पुढच्या हिवाळ्यात ती गेली. घरात तिचा दुसरा धड फोटो नव्हता, म्हणून तोच भिंतीवर लावला. धाकट्या भावानं रडत रडत हार घातला. माणसं येऊन बसत होती, काहीबाही बोलत होती, माझं लक्ष नव्हतं. हार एका बाजूला उतरला होता.

मी उठलो, तो सरळ केला आणि परत जागेवर येऊन बसलो.