आईच्या रकान्यातलं नाव

शंखांच्या विभागात सगळे त्यांना भिंगवाले म्हणत. गळ्यात दोरीने अडकवलेलं भिंग आणि कपाळावर कायमची आठी, या दोन गोष्टींशिवाय त्यांना कुणी पाहिलंच नव्हतं. संग्रहालयातल्या नोकरीला एकतीस वर्षं झाली होती. पहिल्या मजल्यावरच्या लांबट खोलीत चाळीस कपाटं, प्रत्येक कपाटात वीस खण, आणि सगळ्या किल्ल्यांचं जुडगं भिंगवाल्यांच्या कमरेला. घरी जेवायला बसतानाही ते जुडगं सुटत नसे. बायको म्हणायची, "अहो, ताटातली भाजी काही पळून जात नाही." त्यावर ते म्हणायचे, "तसं सगळेच म्हणतात."

दूधवाला रोजच्यापेक्षा दहा मिनिटं लवकर आला तरी यांच्या मनात शंकेची पाल चुकचुकायची. शेजाऱ्याने हसून नमस्कार केला की हे दिवसभर विचार करत बसायचे, याला काय हवं असेल? माणूस वाईट नव्हता. जगाने आपल्याला फसवायचं ठरवलंय, फक्त अजून सवड काढली नाहीये, एवढंच त्यांचं म्हणणं.

त्यातून चौदा नंबरच्या कपाटावर त्यांचा खास जीव. त्यात शंकूच्या आकाराचे शंख होते, एकाहून एक देखणे. जिवंतपणी आतली गोगलगाय मात्र महाबिलंदर. वाळूत स्वतःला पुरून घेऊन पडून राहते आणि मासा जवळ आला की सोंडेतून विषारी दाताची सुई मारते. मासा जागच्या जागी गार. हाताने उचलायला गेलेली माणसंही काही जातींनी मारली आहेत. वरून नक्षी आणि आत सुई, हा प्राणी भिंगवाल्यांना मनापासून पटायचा.

या शंखांच्या नावांचीही गंमत होती. कापडासारखी नक्षी म्हणून एकाला कापडाचं नाव, नकाशासारखी म्हणून दुसऱ्याला नकाशाचं. बाकी कितीतरी जातींना माणसांची नावं. कुणा अभ्यासकाने बायकोचं दिलेलं, कुणी गुरूचं, कुणी जहाजाच्या कप्तानाचं. स्वतःचं नाव मात्र कुणी देत नाही, ते या लोकांत अगदी हलकं समजतात. भिंगवाल्यांना यातही पाणी मुरताना दिसायचं. ते म्हणायचे, "तू माझं दे, मी तुझं देतो, असं असणार."

अशात एक अभ्यासक बाई आल्या. पस्तिशीच्या, पायात कापडी बूट, खांद्याला मोठी पिशवी. सहा आठवडे चौदा नंबरचं कपाट बघायची परवानगी घेऊन आल्या होत्या. भिंगवाल्यांनी परवानगीचं पत्र उजेडात धरून पाहिलं, शिक्का भिंगातून पाहिला, आणि मग नाइलाजाने कपाट उघडलं. बाई खण उघडत, शंख मापत, फोटो काढत, आणि हे समोर स्टूल टाकून डोळ्यांत तेल घालून बसत. संध्याकाळी बाई गेल्या की सगळे शंख पुन्हा मोजत. एकदा अकराव्या खणातला एक शंख जागेवर नव्हता. भिंगवाले जिन्यावरून धापा टाकत संचालकांकडे गेले. संचालकांनी शांतपणे बाईंनी दुपारीच लिहून दिलेली पावती दाखवली. शंख एक्स-रे काढायला खालच्या मजल्यावर गेला होता.

"माफी मागा त्यांची," संचालक म्हणाले.

"मी काही बोललोच नाही त्यांना," भिंगवाले म्हणाले. "नुसतं बघत होतो."

पण खरी पाल चुकचुकली ती चौथ्या आठवड्यात. बाईंनी वही मिटली आणि विचारलं, "काका, तुमच्या आडनावाचा अर्थ काय हो?"

भिंगवाल्यांनी कान टवकारले. "मीठ तोलणारे. का?"

"सहज. आणि तुमच्या आई? त्या किनाऱ्यावर शंख वेचायच्या ना? जुन्या नोंदवहीत वाचलं मी. त्यांचं नाव काय होतं?"

आता आईची गोष्ट सांगायला हवी. भिंगवाल्यांची आई चाळीस वर्षं ओहोटीला खडकांत शंख वेचायची. चिमट्याने उचलायची, हात कधी लावायची नाही. तिने आणलेला माल एक व्यापारी संग्रहालयाला द्यायचा, म्हणून खणांतल्या चिठ्ठ्यांवर 'कुणाकडून मिळाला' याच्यापुढे त्या व्यापाऱ्याचं नाव. नोंदवहीत तिचा उल्लेख एवढाच, की माल काठावरच्या बाईने आणला आणि तिचा मुलगा आता आपल्याकडे कामाला आहे.

आईचं नाव साधं नव्हतं. ती घरातली पाचवी मुलगी. बापाने वैतागून तिला जे नाव ठेवलं त्याचा अर्थ होता 'आता पुरे'. शाळेत मुलं हसतील म्हणून भिंगवाल्यांनी लहानपणापासून ते नाव कुणाला सांगितलं नव्हतं. आत्या तर त्या नावावरून आईला उठताबसता टोमणे मारायची. शाळेत याचं नाव घालायला आत्याच गेली, कारण आई ओहोटीला गेली होती. तिथे आईच्या रकान्यात आत्याने सरळ स्वतःचं नाव लिहून टाकलं. म्हणे, ते नाव मास्तरांना कोण समजावत बसणार? पुढे शाळेचा दाखला, नोकरीचे कागद, सगळीकडे आईच्या रकान्यात आत्याच बसली ती बसलीच.

इकडे बाई उत्तराची वाट बघत होत्या. भिंगवाल्यांचं डोकं भराभर चाललं. बँकेतसुद्धा ओळख पटवायला आईचंच नाव विचारतात. हिला कशाला हवंय? हिच्या हाती खरं नाव लागलं तर ही त्याचं काय करेल, काय सांगावं! त्यांनी ताकास तूर लागू द्यायचं नाही असं ठरवलं आणि ठणकावून आत्याचं नाव सांगितलं. काही भलतंसलतं झालंच तर आत्याचं होऊ दे, मेलीये तशीही.

"किती छान! अर्थ काय या नावाचा?"

"उदार मनाची," भिंगवाले म्हणाले. अर्थ खरा होता. आत्याने जन्मात कुणाला मूठभर मीठ दिलं नव्हतं, ते वेगळं.

घरी त्यांनी बायकोला हे सगळं मोठ्या फुशारकीने सांगितलं. बायको म्हणाली, "विचारलं तर विचारलं बिचारीने. तुम्हाला कुणी पत्ता विचारला तरी तुम्ही आधी त्याचे खिसे बघाल."

"तू गप बस. मी वाचवलंय आज घर."

बाई सहा आठवडे संपवून गेल्या. वर्षभराने एक जाड पाकीट आलं, भिंगवाल्यांच्या नावाने. त्यांनी ते दोन दिवस उघडलं नाही. तिसऱ्या दिवशी बायकोने उघडलं. आत बाईंचा छापील लेख होता. चौदा नंबरच्या कपाटातल्या अकराव्या खणातला शंख आजवर कुणाला माहीत नसलेल्या जातीचा निघाला होता. त्याला नवं नाव दिलं होतं, आणि नावाखाली कारण दिलं होतं: 'चाळीस वर्षं या किनाऱ्यावर शंख वेचणाऱ्या, आणि ज्यांचं नाव आजवर एकाही चिठ्ठीवर आलं नाही, अशा बाईंच्या आठवणीत.' पुढे नाव. आत्याचं. कंसात अर्थ, उदार मनाची.

भिंगवाल्यांनी ते भिंगातून पुन्हा वाचलं. मग भिंग खाली ठेवलं आणि लहान मुलासारखे रडायला लागले. बायको घाबरली. "अहो, चांगलं छापलंय ना सासूबाईंचं?"

"ते आईचं नाव नाही."

"मग काय होतं त्यांचं नाव?"

बायको घरात आली तेव्हा सासू जाऊन दोन वर्षं झाली होती. पंचवीस वर्षांच्या संसारात हे नाव तिनेही ऐकलं नव्हतं. भिंगवाल्यांनी तिला ते सांगितलं, पहिल्यांदा, अगदी हळू आवाजात. बायको म्हणाली, "फोन करा त्या बाईंना. आत्ताच्या आत्ता."

भिंगवाल्यांनी फोन केला आणि सगळं कबूल केलं. आत्या, शाळा, आपला संशय, काही लपवलं नाही.

"काका, नाव एकदा छापलं की मलासुद्धा बदलता येत नाही," बाई म्हणाल्या. "तसा नियम आहे. चुकीच्या माणसाचं असलं तरी ते तसंच राहतं, कायमचं. फार तर मी एक खुलासा छापू शकते, की खरं नाव हे होतं. सांगा ना, काय होतं?"

भिंगवाल्यांनी आईचं नाव सांगितलं. अर्थही सांगितला.

"याचा काही कागद आहे?" बाईंनी विचारलं. आवाजात राग नव्हता, त्यांचं ते कामच होतं. "कारण तेव्हा मी तुमच्या शब्दावर विसंबून राहिले नव्हते, काका. छापण्याआधी तुमच्या नोकरीचे कागद पाहिले होते मी. त्यात आईच्या रकान्यात तेच नाव आहे, जे तुम्ही आधी सांगितलंत."

भिंगवाल्यांनी दोन दिवस घर पालथं घातलं. ट्रंक, कपाट, गादीखालच्या पिशव्या. प्रत्येक कागदावर आत्या. जिथे बोट ठेवावं तिथे आत्या. आईने कुठे सही केली नव्हती, तिला लिहिता येत नव्हतं, आणि तिला त्या नावाने हाक मारणारी माणसं एक एक करत केव्हाच गेली होती. तिसऱ्या दिवशी त्यांनी पुन्हा फोन लावला.

"कागद नाही," ते म्हणाले. "मी सांगतोय ना. मी मुलगा आहे तिचा."

"मला तुमचं खरं वाटतंय हो, काका," बाई म्हणाल्या. "पण एकदा तुम्हीच दुसरं नाव सांगितलंत. नुसत्या तुमच्या शब्दावर मी आता कसं छापू?"

भिंगवाल्यांना बाईंचा राग यायला हवा होता, पण आला नाही. बाईंच्या जागी ते असते तर त्यांनी दुसऱ्यांदा फोनसुद्धा उचलला नसता. "बरं," एवढंच ते म्हणाले. नव्या जातीची चिठ्ठी खणात लावायचं काम त्यांचंच होतं. दुपारी टेबलाशी बसून, नेहमीच्या सुबक अक्षरात, त्यांनी आत्याचं नाव लिहिलं.