तळघरातला काचवाला

तिसा नदीकाठच्या एका शहरात, सरकारी संशोधन संस्थेच्या तळघरात, बार्ता रेझ्यो काचकाम करायचा. वरच्या शास्त्रज्ञांना वाकडी नळी हवी असो की दुहेरी भिंतीची बाटली, ते कागदावर चित्र काढून खाली येत. रेझ्यो ज्योतीवर काच फिरवत हवं ते घडवून देई. अशी चौतीस वर्षं गेली. हाताला तोड नव्हती, पण जीभ विषारी होती. त्यातून कोणी देश सोडून निघालाय असं कळलं, की मग बोलायलाच नको. निरोप घ्यायला आलेल्याकडे तो मान वर करून बघत नसे. "इथल्या काचेवर हात बसवलात, आता जर्मनांकडे हजेरी लावा," एवढं बोलून पाठ फिरवी.

त्याची बायको लवकर गेली. एकुलती एक मुलगी एमोके डॉक्टरेट मिळवून त्याच इमारतीत, तिसऱ्या मजल्यावर, संशोधक झाली. तेव्हा रेझ्यो आठवडाभर शिट्टी वाजवत होता. मग बुडापेस्टहून नवं धोरण आलं. कोणता विषय देशाच्या कामाचा आणि कोणता नाही, हे आता संस्थेच्या संचालकांनी ठरवून वर कळवायचं होतं. एमोकेचा विषय यादीतून उडाला आणि तिची जागाही गेली. जागा परत मिळावी म्हणून तिने दोनदा अर्ज केला, दोन्ही वेळा नकार आला. शेवटी ऑस्ट्रियातल्या ग्रात्सहून तिला बोलावणं आलं.

रविवारच्या जेवणाला तिने ते सांगितलं. रेझ्योने ताट बाजूला सारलं.

"जायचं तर जा. देशद्रोह्याने मग फोनबिन करायचा नाही."

तिने सात वर्षं केला नाही. त्यानेही केला नाही.

आठव्या वर्षी मंत्रालयाने देशातच राहिलेल्यांचा सत्कार ठरवला. शास्त्रज्ञांच्या रांगेत एक कारागीर असला तर बरं दिसेल म्हणून संचालक हालमोश सिलार्दने रेझ्योचं नाव दिलं. सोहळ्याच्या आदल्या दिवशी त्याने रेझ्योला खोलीत बोलावून दोन कागद पुढे ठेवले. एकावर व्यासपीठावर वाचायची चार वाक्यं होती. दुसऱ्यावर महिनाअखेर तळघर बंद होत असल्याचा हुकूम होता. काच यापुढे बाहेरून विकत घेतली जाणार होती.

"रेझ्योकाका, तुमचं वयही झालंय," हालमोश म्हणाला. "सत्कार घ्या, आणि मानाने निवृत्त व्हा."

दुसऱ्या दिवशी रेझ्यो कोट घालून गेला. माइकसमोर उभा राहिला आणि कागद खिशातच ठेवला.

"मी इथे राहिलो, कारण मला कोणी बोलावलंच नाही," तो म्हणाला. "माझ्या मुलीला बोलावलं, ती गेली. तिला ज्यांनी घालवलं ते पहिल्या रांगेत बसलेत. या महिन्यात मलाही घालवतायत."

त्याने मानपत्र टेबलावर पालथं ठेवलं आणि तो खाली उतरला. कोणीतरी ते बोलणं फोनवर टिपलं होतं. दोन दिवसांत ते सगळीकडे फिरलं. संस्थेत मात्र त्याच्याशी बोलायला कोणी तळघरात उतरलं नाही. हालमोशने तर महिना भरायचीही वाट पाहिली नाही, कुलूप बदलून टाकलं.

चौथ्या दिवशी एमोकेचा फोन आला. ना ख्यालीखुशाली, ना माया. आमचा काचवाला निवृत्त झालाय, तसा हात इथे दुसऱ्या कोणाला नाही, यायचं तर कळवा, असं तिने कामाच्या आवाजात सांगितलं. रेझ्योने भाषा येत नसल्याचं कारण पुढे केलं.

"काचेशी बोलायला कुठली भाषा लागते?" ती म्हणाली. "आणि माझ्याशी तर तुम्ही मातृभाषेतही बोलला नाहीत."

तो गेला. एकसष्टाव्या वर्षी, एका बॅगेनिशी. पहिले दोन महिने एमोके चित्रं घेऊन तिथल्या तळघरात येई, मापं सांगे आणि निघून जाई. तो तिच्या शेजारच्याच गल्लीत राहत होता, पण तिने घरी एकदाही बोलावलं नाही.

एके दिवशी ती तयार झालेला, वाफ थंड करायचा काचेचा कंडेन्सर न्यायला आली, पण दारातच थांबली.

"पहिल्या रांगेत बसलेत म्हणालात. ते तुम्हाला त्या दिवशी कळलं, की आधीपासून माहीत होतं?"

रेझ्योने ज्योत बारीक केली. खोटं बोलता आलं असतं.

"आधीपासून."

"म्हणजे कधीपासून?"

"तुझा पहिला अर्ज आला तेव्हाच. हालमोश स्वतः खाली आला होता, फुटकी नळी दुरुस्त करून घ्यायला. तुझा अर्ज उघडलाही नाही म्हणाला. मी ऐकून घेतलं. नळी दुरुस्त करून दिली."

"आणि मला देशद्रोही म्हणालात."

"हो. मला माझी नोकरी हवी होती."

एमोकेने कंडेन्सर उचलून उजेडात धरला. बराच वेळ फिरवून फिरवून पाहिला. मग टेबलावर परत ठेवला.

"सांधा वाकडा आहे. पुन्हा करा."

सांधा सरळ होता. दोघांनाही ते दिसत होतं. ती जिना चढून गेल्यावर रेझ्योने ज्योत मोठी केली, कंडेन्सर सांध्यावर कापला आणि पहिल्यापासून जोडायला घेतला.