पहिलं वाक्य कामाचं

त्या मंगळवारी सकाळी अकरा वाजता भाऊ कंपनीच्या मीटिंगमध्ये बोलायला उभा राहिला. आठ मिनिटं इंग्रजीत बोलला. मग खाली बसला. बारा वाजता डॉक्टरांनी तो गेल्याचं सांगितलं. मी तेव्हा धुळ्याला कॉलेजात तास घेत होते. विषय व्यावसायिक इंग्रजीचा होता. फोन पिशवीत होता.

भाऊ माझ्यापेक्षा नऊ वर्षांनी मोठा. जळगावला प्लास्टिकचे पाईप करणाऱ्या कारखान्यात डिप्लोमा झाल्या झाल्या लागला आणि तिथेच राहिला. पाईपचा तुकडा फरशीवर आपटून, नुसत्या आवाजावरून तो माल कसा आहे ते सांगायचा. मग कारखान्याचा माल बाहेरच्या देशांत जाऊ लागला आणि दर मंगळवारी गिऱ्हाइकांबरोबर इंग्रजीतून मीटिंग सुरू झाली. विभागप्रमुख निवृत्त होणार होते. साहेबांनी भाऊला सरळ सांगितलं, काम तुम्हालाच येतं, पण गिऱ्हाइकासमोर बोलणारा माणूस पाहिजे. तीन महिन्यांत जमलं तर जागा तुमची, नाहीतर पुण्याहून माणूस आणू.

त्याने मला फोन केला. "मास्तरीणबाई, एक म्हातारा विद्यार्थी घेशील का?"

मी दर रविवारी जाऊ लागले. धुळ्याहून सकाळची एसटी, पारोळा, एरंडोल, मग जळगाव. घरात मुलं हसतात म्हणून आम्ही मेहरूण तलावावर जायचो. बाकावर मी बसायचे आणि तो पाण्याकडे तोंड करून उभा राहायचा. फिरायला येणारे एक आबा दर वेळी थांबून ऐकायचे. एकदा त्यांनी विचारलंच, "इलेक्शनले उभा राही राहिना का, भाऊ?"

"नही आबा," भाऊ म्हणाला, "बहीण परीक्षा ली राहिनी."

त्याचं इंग्रजी मला वाटलं होतं तितकं वाईट नव्हतं. अडचण वेगळी होती. तो मुद्द्यावर यायचाच नाही. गुड मॉर्निंग सर, हाऊ आर यू सर, हाऊ इज फॅमिली, जळगावात आज ऊन फार आहे, मला जरा खोकला आहे, माझं इंग्रजी कच्चं आहे, कृपया सांभाळून घ्या. भडगावकडे आमच्या घरी असंच बोलतात. कुणी फक्त विळा मागायला आला, तरी आधी गुडघ्याचं दुखणं सांगतो, समोरच्याचं ऐकतो, आणि विळा अगदी उठताना मागतो.

"भाऊ, दोन मिनिटं झाली. पाईप अजून आलाच नाही."

"येतो ना. दारात माणूस आला की आधी पाणी विचारतात. काम काय आहे ते नंतर."

"मीटिंगला दार नसतं."

तो हसला. मी हसले नाही. शिकवताना मी फारशी हसत नाही. मी त्याला सांगितलं, पहिलं वाक्य कामाचं. आपली रड आधी लावायची नाही. खोकला, ऊन, कच्चं इंग्रजी, यांतलं काहीही त्यांना ऐकायचं नाही. ज्याला जे सांगायचं ते सांगून झालं, की मग वाटलं तर तब्येत.

हे माझं स्वतःचं नव्हतं. पुस्तकात आहे. वर्गात मी ते दरवर्षी फळ्यावर लिहिते. पण त्याला मी ते जरा कठोरपणे सांगितलं, कारण दिवस कमी होते, आणि कारण मला त्याची लाज वाटत होती. हे दुसरं कारण मी तेव्हा स्वतःलाही सांगितलं नव्हतं. मोठा भाऊ कुणासमोर तरी 'सांभाळून घ्या' म्हणतो, हे मला ऐकवत नव्हतं.

त्याने नियम पाठ केला. पुढच्या रविवारी एसटी स्टँडवर मला घ्यायला आला तेव्हा कसा आहेस म्हणून विचारलं, तर म्हणाला, "पहिलं वाक्य कामाचं. पिशवी दे इकडे." असं तो पुढे दर रविवारी म्हणायचा. शेवटच्या रविवारी पिशवी त्याने एका हातातून दुसऱ्या हातात दोनदा घेतली. मला ते दिसलं होतं. मी त्याला त्याच्या चौथ्या वाक्याबद्दल काहीतरी सांगत होते.

आमच्याकडे माणूस गेला की लोक दारावर येतात. सतरंजीवर बसतात, बोलत नाहीत, थोड्या वेळाने उठून जातात. तिसऱ्या दिवशी कंपनीतले आले. त्यांत भाऊच्या हाताखालचा एक जुना ऑपरेटर होता. बाकीचे उठले तरी तो बसून राहिला. मग माझ्याकडे वळून म्हणाला, "ताई, कागदाकडे न पाहता बोलले. साहेब आमच्याकडे बघून म्हणाले, आता हाच माणूस."

मी मान हलवली.

"सकाळी नाश्त्याला छातीवर हात धरून बसले होते. मी म्हटलं, साहेबांना सांगा, तुमचं बोलणं पुढच्या मंगळवारी ठेवतील. तर म्हणे, बहिणीने शिकवलंय, आपली रड आधी लावायची नाही. बोलणं झालं की सांगतो." त्याने डोळे पुसले. "तुमचा शब्द शेवटपर्यंत पाळला त्यांनी."

तो माझं कौतुक करत होता. आपण काय सांगितलं ते त्याला कळलं नाही, आणि कळू नये म्हणून मी त्याला चहा विचारला. दारावर चहा विचारत नाहीत. डॉक्टरांनी आदल्याच दिवशी आम्हाला सांगितलं होतं, सकाळीच आणलं असतं तर कदाचित.

वहिनी आतल्या दाराला टेकून बसली होती. तिने ऐकलं की नाही, हे मला दोन महिने माहीत नव्हतं. मी रविवारी जात राहिले. आम्ही मेथी निवडायचो, मुलांच्या शाळेचं बोलायचो. प्रत्येक वेळी ते सांगायचं ठरवून जायचे आणि न सांगता परत यायचे. इतक्या लोकांना नेमकं बोलायला शिकवलं, पण हे वाक्य कुठून सुरू करावं ते मला सुचत नव्हतं.

शेवटी एका रविवारी मेथी निवडता निवडता तीच म्हणाली, "ताई, तुम्ही मनात धरून बसल्या आहात. मी ऐकलं होतं त्या दिवशी."

मी पुढची काडी उचलली.

"सकाळी डबा मीच हातात दिला त्यांच्या. मलाही नाही सांगितलं. मला कुठे इंग्रजीत सांगायचं होतं?"

ती मला माफ करत होती असं मला वाटत नाही. तिला स्वतःला तो सकाळचा डबा सुटत नव्हता. आम्ही उरलेली जुडी निवडून संपवली.

त्याच्या जागी पुण्याहून माणूस आला आहे. मी अजून तोच विषय शिकवते. पहिल्या वाक्याचा नियम अभ्यासक्रमात आहे, म्हणून तोही शिकवते. रविवारी जळगावला जाते. स्टँडवरून पिशवी मीच आणते. दारातच वहिनीला तब्येत विचारते. ती बरी आहे म्हणते. मग ती मला विचारते, आणि मीही बरी आहे म्हणते.