विहिरीला बोटभर पाणी

आमच्या भागात आपल्या रानाचं कौतुक आपण करायचं नसतं. ज्वारी डोक्याच्या वर गेली असली, तरी कुणी विचारलं की "काय न्हाई, आपलं चाललंय" म्हणायचं. नाहीतर दृष्ट लागते. माझ्या वडिलांनी, आप्पांनी, हा नेम जन्मभर पाळला. नगरच्या कोर्टात साक्षीच्या पिंजऱ्यात उभं केलं, तरी मोडला नाही.

नव्वदच्या दशकातली गोष्ट. तिसगावपासून थोडं आत आमचं रान होतं, विहीर आणि मोसंबीची बाग असलेलं. ते पाझर तलावात गेलं. मोबदला ठरला तो मात्र जिरायताचा, म्हणजे नुसत्या पावसावर पिकणाऱ्या रानाचा. पाणी नाही असं लिहून सरकारनं आमचं रान पाण्याखाली घातलं! बरं, पुढची दोन वर्षं त्या तलावात टिपूससुद्धा नव्हता.

वाढीव मोबदल्यासाठी आम्ही कोर्टात गेलो. रान बागायत होतं असं सिद्ध झालं, तर त्या पैशात शेजारच्या शिवारात विहिरीचं रान घेता येणार होतं; मालकानं शब्द दिला होता. नाही झालं, तर आप्पांना दुसऱ्याच्या रानात रोजानं जावं लागणार होतं.

मी शाळेत शिकवत होते, त्यामुळे फाइल माझ्याकडं. सातबारा, पंचनामा, कलमं, सगळं मला पाठ. साक्षीच्या आदल्या रविवारी मी सरकारी वकील झाले आणि आप्पांना ओट्यावर उभं केलं.

"विहिरीला पाणी किती?"

आप्पा इकडंतिकडं बघून हळूच म्हणाले, "बारमाही."

"मोठ्यानं बोला की!"

ते मोठ्यानं बोलले, तशी आईनं आतून मीठ-मिरच्या आणल्या आणि उतरवून टाकल्या. कशावरून, तर फाइलवरून. रान जाऊन तीन वर्षं झाली होती. मी कपाळावर हात मारून घेतला.

विहिरीवरची मोटर आप्पांनी घरी आणून पोत्यात गुंडाळून ठेवली होती. महिन्याच्या महिन्याला पुसायचे, तेल द्यायचे. मी म्हणायचे, विकून टाका. ते म्हणायचे, "केस चालू हाय की अजून."

कोर्टात आमच्या वकिलांनी विचारलं तेव्हा आप्पा खाली मान घालून पाठ केलेलं सगळं नीट बोलले. मग सरकारी वकील उलटतपासाला उठला. मेला खेड्यातलाच असणार. आवाज चढवला नाही, कागद नाचवला नाही. पारावर भेटल्यासारखं विचारलं, "काय आप्पा, मोसंबी जोरात असेल?"

झालं! आप्पांची मान पहिल्यांदा वर आली.

"कशाची मोसंबी साहेब. आपली पोटापुरती."

"विहिरीला तरी पाणी?"

"हुतं आपलं बोटभर."

आमच्या वकिलांनी डोळे मिटून घेतले. टाइपरायटर खडखडला: 'हे म्हणणे खरे आहे की, विहिरीस जेमतेम पाणी होते.' आप्पांनी खाली सही केली आणि जाताना सरकारी वकिलालाही रामराम घातला.

अर्जदाराच्या स्वतःच्याच कबुलीवरून रान जिरायत ठरलं. शेजारचं रान दुसऱ्यानं घेतलं, आणि आप्पा त्याच्याच बागेला पाणी द्यायला रोजानं जायला लागले. निकालानंतरच्या पहिल्याच बाजाराला त्यांनी मोटर विकली. मला वाटलं, चला, एकदाची अक्कल आली.

पुढं एका वर्षी तलाव भरला. आम्ही बांधावर उभे होतो. मोजमापाला आलेल्या साहेबांनी सहज विचारलं, "इथं आधी काय होतं?"

आप्पांनी पाण्याकडं बोट केलं. "मोसंबी. अशी मोसंबी साऱ्या तालुक्यात न्हवती साहेब. फांद्यांला टेकू द्यावा लागायचा. अन् हीर? दोन दोन मोटरा लावा, हटायची न्हाई."

चांगले अर्धा तास बोलत होते. माझ्या अंगाचा नुसता तिळपापड. साहेब गेल्यावर मी ओरडलेच, "हेच त्या दिवशी बोलायला काय झालं होतं, आप्पा?"

"तवा केस चालू हुती," ते म्हणाले. "मला वाटायचं, जिकलो तर रान परत देतील. माघारी येनाऱ्या रानाला दृष्ट कशापायी लावू?"

फाइल इतकी वर्षं माझ्याकडं होती. रान काही परत मिळणार नाही, एवढं एक वाक्य मी त्यांना कधी सांगितलंच नव्हतं. मला वाटलं होतं, एवढं तर त्यांना कळतच असेल.