शत्रूच्या दारचं जेवण

मी पन्नाशीची बाई, ज्युनियर कॉलेजच्या ऑफिसात सव्वीस वर्षं क्लार्क, आणि मी कॉम्प्युटरवर गेम खेळते. हे सांगितलं की लोक आधी हसतात, मग विचारतात, पत्त्यांचा का? पत्त्यांचा नाही. जग बुडाल्यानंतरचा आहे. मोठं युद्ध होऊन शहरं पडलेली, उरलेली माणसं टोळ्या करून राहणारी, आणि आपण त्यातलंच एक माणूस होऊन भटकायचं. कामं करायची, कुणाशी जमवायचं, कुणाशी बिघडवायचं. मुलगी नोकरीला पुण्याला गेली तेव्हा कॉम्प्युटर आणि गेम दोन्ही माझ्या गळ्यात मारून गेली. नवरा रेल्वेत, कुर्डुवाडीला. शनिवारी संध्याकाळी उगवणार. सकाळचं कॉलेज करून दीडला घरी आलं की दुपार माझीच असायची.

मग आप्पा आले. आप्पा म्हणजे माझे वडील. दुधनीजवळच्या आमच्या गावातून तरुणपणी सोलापुरात आले आणि अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत टॉवेलच्या कारखान्यात तीस-पस्तीस वर्षं माग चालवले. आई गेल्यावर वर्षभरात त्यांचं विसरणं सुरू झालं. आधी चष्मा, मग गल्ली, मग मी. मुलीच्या घरी राहायचं हे त्यांच्या पिढीला पटणारं नव्हतंच, पण पटवून घ्यायला आधी ही मुलगी आहे हे आठवायला हवं ना. मला ते 'बाई' म्हणत. "बाई, मी आता निगतो," असं रोज चारदा. कुठं निघायचं ते त्यांनाही ठाऊक नव्हतं.

सगळ्यात अवघड म्हणजे ते जेवत नसत. ताट ठेवलं की हात मांडीवर घेऊन बसत, पाहुण्याच्या घरी बसल्यासारखे. परक्या बाईच्या घरी कसं जेवायचं? मी रागावले, विनवण्या केल्या, एकदा तर घास भरवायला गेले. त्यांनी तोंड मिटून घेतलं आणि माझ्याकडे असं बघितलं की मी ताट उचलून आत गेले आणि ओट्याशी उभी राहून रडले. डॉक्टर म्हणाले, वजन उतरतंय, काहीही करून खायला घाला. काहीही म्हणजे काय ते त्यांनी सांगितलं नाही.

त्यांची खाट मी माझ्या खुर्चीच्या मागेच टाकली होती, कूलरचा वारा लागावा म्हणून. दुपारी मी खेळायची, ते मागून बघायचे. बोलायचे नाहीत. एक दिवस गेममधली मी एका मोडक्या कारखान्यापाशी पोचले. तिथं एक टोळी राहायची. गेममधल्या आमच्या वस्तीची ती शत्रू, पण मी त्यांची दोन-चार कामं केली होती म्हणून मला आत सोडायचे. आतून यंत्रांची घरघर येत होती. मागून आवाज आला, "पट्टा सैल हाय."

मी दचकून वळले. आप्पा पडद्याकडे बोट दाखवत होते. "आवाज ऐक की. पट्टा सैल झालाय."

कारखान्याच्या दाराशी एक म्हातारी मोठं पातेलं चढवून बसलेली असायची. ओळखीचं कुणी आलं की ती इंग्रजीत म्हणायची, ये, बस, किती दिवसांनी आलीस, काही खाल्लंस का. तेवढंच. दर वेळी तेच, कारण गेममधल्या माणसांना दोन-तीनच वाक्यं दिलेली असतात. आप्पांनी विचारलं, "काय म्हणती ती?"

आणि मी मराठीत सांगितलं नाही. का ते मला आजही सांगता येत नाही. माझी आई सीमेपलीकडची, घरात अर्धं कन्नडच बोलायची, आणि माझा आवाज तिच्यासारखा आहे असं सगळे म्हणतात. मी म्हातारीचं वाक्य आईच्या तोंडचं करून टाकलं. "बर्री, कुंद्री. ऊटा आतेन्री?" या, बसा, जेवण झालं का. आई रोज संध्याकाळी कारखान्यातून आलेल्या आप्पांना हेच विचारायची.

आप्पा खाटेवर सावरून बसले. म्हणाले, "न्हाय अजून. वाढ."

मी धावत आत गेले. ज्वारीची भाकरी, शेंगाची चटणी, दही, जे होतं ते ताटात घातलं आणि आणलं. आप्पा पडद्यासमोर बसून दीड भाकरी जेवले. जेवता जेवता म्हातारीशी बोलत होते, मागावर आज धागा लई तुटत होता, पगार लांबला, तू जेवलीस का. मी मागे उभी राहून ऐकत होते. इतकं बोलताना मी त्यांना आई गेल्यापासून ऐकलं नव्हतं.

मग रोज तेच. तीन वाजले की आप्पाच म्हणायचे, "चल की, जेवायची येळ झाली." मी गेममध्ये कारखान्याच्या दाराशी जायची, म्हातारी बोलायची, मी आईच्या आवाजात सांगायची, आप्पा जेवायचे. गेमविना, नुसतं आईसारखं बोलून मी बघितलं होतं. उपयोग नव्हता. माझ्या तोंडाकडे बघितलं की त्यांना ती परकी बाई दिसायची. पडद्याकडे बघत ऐकलं तरच ते आईचं व्हायचं. तीन महिन्यांत त्यांचे गाल जरा भरले. हसू नका, पण मला त्या म्हातारीचा थोडा हेवाही वाटायचा.

आता माझ्या मूर्खपणाकडे येते.

गेममध्ये एका कोपऱ्यात राहिलेल्या कामांची यादी दिसते. माझ्या यादीत एक काम कधीचं लोंबकळत होतं: आमच्या वस्तीच्या प्रमुखाने सांगितलेलं, त्या कारखान्यातली टोळी संपवायची. मी ते टाळत होते. पण ज्या बाईने आयुष्यभर प्रलंबित फायली निकाली काढल्या, मार्चअखेरीला टेबलावर एक कागद राहिला तर जिला घास जात नाही, तिच्या डोळ्यांना ती ओळ रोज टोचायची. बाकी सगळी कामं झालेली, हे एकच उरलेलं. त्यात टोळीच्या एका पहारेकऱ्याने एके दिवशी माझी पिशवी काढून घेतली आणि माझं डोकं फिरलं. मनात म्हटलं, म्हातारी तर बाहेर दाराशी असते, तिला काय होणार?

पडद्यावर पाटी आली. हे केल्यावर मागे फिरता येणार नाही, नक्की करायचं? ऑफिसात अशा सूचना मी दिवसाला पन्नास बघते आणि न वाचता दाबते. दाबलं.

"काय करायलीस?" आप्पांनी विचारलं.

"काही नाही आप्पा, एक काम राहिलं होतं."

आत शिरून बॉयलरखाली सुरुंग लावायचा होता. लावला. बाहेर येऊन टेकडीवरून बघितलं. आधी ज्वाळा, मग आवाज, मग कारखान्याचं छप्पर खाली बसलं. कोपऱ्यातली यादी रिकामी झाली. खरं सांगते, त्या क्षणी मला बरं वाटलं. आप्पा मागून पडद्याकडेच बघत होते.

दुसऱ्या दिवशी तीन वाजता त्यांनीच आठवण केली. मी ताट वाढून तयार ठेवलं आणि गेममध्ये कारखान्याकडे गेले. म्हातारी जिवंत होती. पातेलं उपडं पडलेलं, ती राखेत बसलेली. मी जवळ गेल्यावर तिने मान वर केली आणि रडत म्हणाली, मी तुला जेवू घातलं, तुला आमचं मानलं, आणि तू माझी सगळी माणसं मारलीस.

"काय म्हणती?" आप्पा.

मी म्हटलं, "म्हणतेय, आज स्वयंपाक झाला नाही."

"मग रडायली कशाला?"

"कांदा चिरतेय, आप्पा."

ते पुढे वाकले. डोळे बारीक करून पडद्याचा कानाकोपरा शोधला. "कांदा कुटं हाय?"

ताट तसंच राहिलं.

त्यानंतरचे दिवस मला आठवायला नको वाटतात. रोज तीनला ते म्हणायचे चल, रोज मी जायची, रोज म्हातारी तेच वाक्य तेवढंच रडून म्हणायची. मी तिच्यासमोर गेममधलं धान्य ठेवलं, घोंगडी ठेवली, माझी सगळी औषधं ठेवली. गेममध्ये माफी मागायची सोयच नव्हती. मी आईच्या आवाजात 'बर्री, कुंद्री' म्हणून पाहिलं, पण पडद्यावरची बाई रडतेय हे आप्पांना दिसत होतं. त्यांचं बरंच काही गेलं होतं, पण नजर शाबूत होती. चौथ्या-पाचव्या दिवशी त्यांनी 'चल' म्हणणंही सोडलं. ताटासमोर हात मांडीवर घेऊन बसू लागले.

मी पुण्याला फोन केला. "मागचं परत आण. स्फोटाच्या आधीचं."

"आई, तू एकच सेव्ह ठेवायला लावलंस, जुनं पुसून त्यावरच नवं," मुलगी म्हणाली. "मी तेव्हा विचारलं होतं. तू म्हणालीस, दोन रजिस्टरं ठेवली की घोटाळा होतो."

म्हणाले होते. ऑफिसातलं शहाणपण घरात आणलं होतं.

"मग आता?"

"आता पहिल्यापासून. नवीन गेम. पण ती आजी ओळख झाल्याशिवाय तसं बोलत नाही. त्यांची बरीच कामं करावी लागतील."

केली. पाच आठवडे लागले. कॉलेजातून आले की जेवण न करता बसायची. शत्रूच्या त्या टोळीसाठी पाणी आणलं, त्यांची हरवलेली माणसं शोधली, त्यांच्या पहारेकऱ्याने पिशवी काढून घेतली तेव्हा हसून दिली. म्हातारी आधी मला दारातूनच हाकलायची. मग नुसती बघायची. इकडे आप्पा दूध आणि पेजेवर आले होते, तेही चमच्याने, अर्धं सांडत. त्यांच्या मनगटाची हाडं दिसायला लागली होती. मी एक डोळा पडद्यावर आणि एक खाटेवर ठेवून खेळत होते, आणि म्हातारी काही लवकर विरघळत नव्हती. शनिवारी नवरा आला आणि म्हणाला, "अगं, गेम आहे तो, त्यांना दवाखान्यात ने." नेलं. सलाइन लावून परत आणलं. परत बसले.

एका दुपारी ती बोलली. ये, बस, किती दिवसांनी आलीस, काही खाल्लंस का. मागे यंत्रांची घरघर, पातेल्यातून वाफ, सगळं पहिल्यासारखं. मी आप्पांना उशीला टेकवून बसवलं, ताट पुढे ठेवलं आणि आईचा आवाज काढला.

"बर्री, कुंद्री. ऊटा आतेन्री?"

आप्पांनी पडद्याकडे बघितलं. मग ताट हाताने हळूच लांब सरकवलं.

"नको," ते म्हणाले. कितीतरी दिवसांनी त्यांचा आवाज ऐकत होते. "तिची माणसं मारली की आपण. आता तिच्या हातचं कसं खायाचं?"

मी त्यांना ते कधी सांगितलंच नव्हतं. ज्याला पोटची मुलगी आठवत नाही, बायको गेलेली आठवत नाही, त्याने हे एवढं कसं धरून ठेवलं?

"आप्पा, तसं नाही," मी म्हटलं. "हा नवा डाव आहे. यात कुणी मेलेलं नाही. बघा, सगळे आत आहेत, यंत्रं चालू आहेत. तिला काही माहीतसुद्धा नाही."

त्यांनी माझ्याकडे बघितलं. परक्या बाईकडे बघतात तसं नाही. मी शाळेत कुणाची तरी पेन्सिल चोरून आणली होती, त्या दिवशी बघितलं होतं तसं.

"तिला म्हाईत न्हाय, पोरी," ते म्हणाले. "आपल्याला म्हाईत हाय की."

आणि भिंतीकडे तोंड करून आडवे झाले. त्यांनी मला 'पोरी' म्हटलं होतं, दोन वर्षांत पहिल्यांदा. ओळखलं होतं, आणि ओळखून ताट सरकवलं होतं. मी ताटापाशी खाली बसून राहिले. पडद्यावर म्हातारी थोड्या थोड्या वेळाने विचारतच होती, काही खाल्लंस का, आणि ती बंद करायला मी उठले नाही.