बँड सोडून आलेला आवाज

"दादा, हा माझा आवाज नाही," अस्मिता माइकवरच म्हणाली आणि गायची थांबली.

वीस मिनिटांत दारं उघडणार होती. आणि मला आवाज शिकवते? तीस वर्षं साउंडवाला आहे मी. लालबागच्या मंडपात माझा स्पीकर लागला की समोरच्या चाळीतले डबे फळीवर आपोआप एका रांगेत यायचे.

"पाच वर्षं हाच आवाज आहे तुझा, बाय."

"पाच वर्षं बँडचा होता."

भोईवाड्यातली ही पोर गॉथिक रॉक गाते. म्हणजे काळे कपडे, काळी लिपस्टिक, गाण्यात स्मशान. तिची आई विचारते, "रोज कुणाच्या मयताक जातंस गो?" बँडशी फाटलं, तशी ती एकटी निघाली. परळच्या एका जुन्या मिलमधल्या हॉलमध्ये हा तिचा पहिला सोलो शो. सोबत फक्त वडिलांची भजनातली पेटी.

मॅनेजर धावत आला. "काय लोचा आहे? पत्र्यावर खिळा घासल्यासारखं येतंय! आधीच सांगितलंय, लोक उठून गेले तर परत तारीख नाही. डीजे बोलावू?"

 अस्मिताने मिक्सरला लावलेल्या माझ्या पेनड्राइव्हकडे बोट दाखवलं. तेव्हा माझी ट्यूब पेटली.

प्रत्येक गायकाचं मिक्सरचं सेटिंग माझ्या पेनड्राइव्हवर सेव्ह असतं. मी सवयीने तिची बँडची फाइल उघडली होती. दोन गिटार आणि ड्रम्समधून आवाज वर यावा म्हणून त्यात मी तिचा खर्ज कापून वरच्या सुरांना धार लावली होती. आज गिटार नव्हती, धार तशीच. चूक माझी. कबूल करायला अर्धं मिनिट लागलं. माझ्यासाठी हा विक्रमच.

"थांब, सगळं काढतो." सगळी बटणं शून्यावर आणली.

तिने पेटीचा भाता दाबला आणि ती गायली.

मी वाढवून सांगतो हे जगजाहीर आहे, तेव्हा यातलं निम्मं घ्या. मॅनेजरच्या कटिंग चहात लाटा उठल्या. गिरणी बंद पडल्यापासून मुक्या असलेल्या लोखंडी तुळया गुणगुणल्या. माझ्या अंगावर काटा आला तो मात्र पूर्ण घ्या. एवढा खोल आवाज, आणि पाच वर्षं तो मीच कापत होतो!

शोला एकही माणूस उठला नाही. संपल्यावरही नाही. शेवटी मॅनेजरच ओरडला, "अहो, घरी जा आता!" मग हळूच तिला म्हणाला, "मॅडम, पुढची तारीख?"

"देते. साउंडला हेच दादा. फक्त यांचा पेनड्राइव्ह नको."

पेनड्राइव्ह मी त्याच दिवशी कोरा केला. माणूस बँड सोडून आला की आधी त्याला ऐकावं. बटणं कुठे पळून जात नाहीत.