मालकाच्या खुर्चीत

व्हर्जिनियात मुलीकडे गेले होते, तेव्हा एका जुन्या जमीनदाराची हवेली पाहिली. गाईड मुलगी तसबीर दाखवत म्हणाली, "मालक फार कुटुंबवत्सल होते."

आमच्या गटातल्या एक वयस्कर कृष्णवर्णीय बाई म्हणाल्या, "त्यांना आणखी एक मुलगी होती. स्वयंपाकघरातल्या गुलाम बाईपासून झालेली. तिला त्यांनी विकलं. मी तिच्या वंशातली."

एवढं बोलून त्यांनी पर्यटकांना अडवणारी दोरी ओलांडली आणि त्या मालकाच्या खुर्चीत बसल्या.

"तिथं बसायची परवानगी नाही," गाईड चाचरत म्हणाली.

"माहीत आहे. तिच्या आईलाही नव्हती."

सूड म्हटला की मला आरडाओरडा आठवतो. हा मात्र पाठ टेकून निवांत बसला होता. त्यांनी लवकर उठू नये, असं मला मनापासून वाटत होतं.